मिटलं म्हणायचं

कोर्टाच्या व्हरांड्यात मी गॉगल काढून उजव्या डोळ्यात औषधाचे थेंब टाकत होते. दिराने माझ्या तोंडावर कुलूप हाणलं, तेव्हापासून हे चालूच आहे.

"घाल तो गॉगल," सासूबाई म्हणाल्या. "साहेबांसमोर तमाशा नको. आपसात मिटलं म्हणायचं, की सुटलीस."

"सुटणार कोण? मी, की तुमचा दिगंबर?"

दिराची, म्हणजे या दिगंबरची, पोलिसात निवड झाली होती, पण अंगावर केस असताना नेमणूक कोण देणार? म्हणून आज तो "वहिनी, चहा घेता का" विचारत होता. कालपर्यंत मी "ए भवाने" होते.

आत न्यायाधीशांनी तडजोडीचा अर्ज चाळला. "बाई, कुणाचा दबाव नाही ना? आपसात मिटलंय?"

दीर माझ्या उजव्या हाताला, जरा पुढे, हात जोडून उभा होता. मी गॉगल काढला, न्यायाधीशांकडे तोंड केलं आणि दोन्ही डोळे गच्च मिटायला गेले. डावा मिटला. उजव्याला दीर दिसतच राहिला.

"सगळा जोर लावून बघितला, साहेब," मी म्हणाले. "मिटत नाही."