सुटलेला पट्टा

पट्ट्याचं बक्कल निघेना. घामाने आणि पावसाने चामडं आक्रसून लाकडासारखं झालं होतं. सारी पलटण चौकात उभी होती आणि सेनापती मुकापोर दोन्ही हातांनी स्वतःच्याच पोटाशी झटत होता.

"पोट आत घ्या, सेनापती," रांगेतून बितूस म्हणाला. दोघे एकाच दिवशी भरती झालेले.

"घेतलंच आहे, गाढवा."

हशा पिकला. राजधानीहून आलेला दरबारी यूफ्रासियस तेवढा हसला नाही. सम्राटाचा हुकूम त्याने नुकताच वाचून दाखवला होता: मुकापोरला फौजेतून काढलं आहे, त्याने सर्वांदेखत पट्टा उतरवून द्यावा. कमरेला पट्टा आहे तोवर माणूस सम्राटाचा शिपाई. पट्टा गेला की चारचौघांसारखा.

अखेर बक्कल सुटलं. अंगरखा घोट्यांपर्यंत लोंबला. मुकापोरने पट्टा दरबाऱ्याच्या हातात ठेवला.

यूफ्रासियसने दुसरा हुकूम उलगडला. फौजेने आजच्या आज हे गाव सोडून दक्षिणेला कूच करावं. एकही शिपाई मागे राहू नये.

आता कोणी हसलं नाही. गावालगतची डॅन्यूब नदी गोठली होती. पलीकडे आवार टोळीचे हल्लेखोर स्वार बर्फावर घोडे चालवून त्याची जाडी अजमावत होते. गावातली माणसं हातोहात दगड तटावर चढवत होती.

"चला," दरबारी मुकापोरला म्हणाला.

"मी कशाला?"

"हुकूम ऐकलात ना?"

"ऐकला की. फौजेला आहे तो. मला आत्ताच काढलंत. आधी कूच करायला सांगून मग पट्टा मागितला असतात, तर मुकाट्याने आलो असतो."

यूफ्रासियसने हातातल्या पट्ट्याकडे पाहिलं. मग जवळ येऊन खालच्या आवाजात म्हणाला, "हा परत बांधा."

"तो अधिकार सम्राटांचा. विचारून या. मी आहे इथेच."

अंगरख्याचा घोळ मुठीत धरून मुकापोर तटाकडे निघाला. रांगेतलं कोणी जागचं हललं नाही. तो सवयीने तटाच्या पायऱ्या चढू लागला, तशी झिया कुंभारणीने हात आडवा घातला.

"वर कुठे निघालास? नव्या माणसाने खाली उभं राहायचं. दगड उचल."

मुकापोर खाली उतरला आणि वाकला.