ड्रमवरचं पाकीट

मेम्फिसच्या जुन्या स्टुडिओत मम्मा आपल्या सोल संगीताच्या अल्बमचं दहावं आणि शेवटचं गाणं टेपवर उतरवत होती. सगळी गाणी डॅडी आम्हाला सोडून डार्नेटाकडे गेला त्यावरची, आणि ड्रमवर डॅडीच! कारण असा ठेका अख्ख्या गावात दुसऱ्या कुणाला जमत नाही. पण आज ड्रम भलताच खणखणला. आवाज दबावा म्हणून डॅडी त्यावर आपलं पाकीट ठेवतो. आजचं पाकीट नवंकोरं, कडक होतं. "जुनं कुठंय, क्लिओथा?" मम्मानं डॅडीला विचारलं. "गाडीत. हे डार्नेटानं दिलंय." "तिचं खिशात ठेव. माझ्या गाण्यात मी दिलेलंच वाजेल!" मी गाडीकडे धूम ठोकली, जुनं घेऊन आले. पण ते रिकामं, चपटं; त्यानं आवाज कसला दबणार! मम्मानं हातातला गाण्याचा कागद त्यात कोंबला नि पाकीट ड्रमवर ठेवलं. "अगं मम्मा, शब्द?" "पाठ आहेत." थप्प! ड्रम हवा तसाच बोलला. "चला, पहिल्यापासून. क्लिओथा, ठेका तरी सोडू नकोस."