पानात वाढायचं गोड

“सेब गरम है, अभी मत भरना. फट जाएगा,” उमैमा म्हणाली.

स्मिताने चमचा खाली ठेवला. किसलेलं सफरचंद, साखर, दालचिनी आणि अक्रोडाचा चुरा आटवून केलेलं सारण ताटात पसरलं होतं. उमैमाची आई तुर्कस्तानातली, इझमीरची. आईच्या पद्धतीची कुराबिये, सफरचंद भरलेली खुसखुशीत बिस्किटं, उमैमा बहरीनच्या नईम भागातल्या या जुन्या घरात अजून तशीच भाजायची आणि ऑर्डरप्रमाणे विकायची. हिंदी तिला शेजारपाजाऱ्यांमुळे येत होती.

“घर में पार्टी है?” तिने विचारलं.

“पूजा है,” स्मिता म्हणाली.

पूजा नव्हती. सोमवारी शरच्चंद्रचं वर्षश्राद्ध होतं. गुरुजी ठरले होते, गौरव दुबईहून येणार होता. फोनवर तो एवढंच म्हणाला होता, “आई, बाबांच्या आवडीचं काहीतरी कर पानात. एनीथिंग.” नवऱ्याच्या आवडीचं काय ते स्मिताला चांगलं ठाऊक होतं. मुलाला सांगायची मात्र सोय नव्हती.

शेवटच्या वर्षात शरच्चंद्र ऑफिसातून उशिरा यायचा. शर्टाला दालचिनीचा वास यायचा. घरी शिरा केला, खीर केली, तरी “नको, गोडाचा कंटाळा आलाय” म्हणून वाटी सरकवायचा. एकदा मनगटावर भाजल्याचा डाग दिसला. विचारलं तर म्हणाला, ऑफिसातल्या किटलीने भाजलं. डोळ्यांत बघून खोटं बोलणं त्याला आयुष्यात कधी जमलं नव्हतं, ते त्या दिवशीही जमलं नाही. मग एका सकाळी तो आंघोळीला गेलेला असताना त्याच्या फोनवर मेसेज आला. ‘कल जल्दी आना.’ वर नाव होतं उमैमाचं, शेजारी कुराबियेच्या ट्रेचा फोटो. स्मिताने नंबर उतरून घेतला.

स्मिता भांडली नाही. भांडली असती तर बरं झालं असतं. तिने बोलणंच टाकलं. शाळेत शिकवून यायची, त्याचं ताट झाकून ठेवायची आणि आतल्या खोलीत जाऊन पडायची. तो दारात येऊन उभा राहायचा, काहीतरी बोलायला तोंड उघडायचा आणि मागे फिरायचा. चोराच्या मनात चांदणं, असं म्हणून ती कूस बदलायची.

हिवाळ्याच्या सुट्टीत दोघं पुण्याला गेली आणि तिथेच एका पहाटे तो झोपेत गेला. तोवरही ती त्याच्याशी बोलली नव्हती. इथल्या कंपनीचे कागद, त्याचा व्हिसा, सगळं गौरवनेच निस्तरलं. ती शाळेच्या नोकरीसाठी बहरीनला परत आली, तेव्हा त्याचा फोन बंद करून तिने कपाटात टाकला होता.

पण आपल्या मनात राग असताना गेलेल्या माणसाच्या पानात गोड कसं वाढायचं? शास्त्र काय सांगतं कोण जाणे, तिच्या मनाला ते पटत नव्हतं. त्या बाईला एकदा पाहायचं आणि मग ठरवायचं. त्याच्या आवडीचं वाढायचं, की नुसतं वरणभाताचं पान मांडून मोकळं व्हायचं. ताकाला जाऊन भांडं लपवायची सवय तिला नव्हती. तरी कुराबिये शिकायच्या निमित्ताने ती आज गुदैबियातल्या आपल्या घरून टॅक्सी करून आली होती. स्वतःचं नाव तिने सांगितलं, नवऱ्याचं सांगितलं नाही.

इतके दिवस जिला पाण्यात पाहिलं ती चाळिशीची होती, हसरी होती, देखणीही होती. स्मिताला वाटलं होतं, समोर आल्यावर राग जरा तरी निवळेल. तसं काही झालं नाही.

सारण गार झालं. उमैमाने पोळी लाटून तिचे त्रिकोण कापले. स्मिताने एकावर सारण ठेवलं, दुमडलं, आणि बोटांनी कडेला बारीक मुरड घालत गेली.

उमैमा हसली. “ऐसे नहीं, मॅडम. सिर्फ लपेटना है. शरत भाई भी ऐसे ही बंद करता था. कितना सिखाया, उसका हाथ मानता नहीं था.”

दर दिवाळीला करंज्यांना मुरड घालायला तो तिच्याशेजारी येऊन बसायचा. तिच्यापेक्षा त्याचीच मुरड नाजूक यायची. तेच हात इथे, या बाईच्या शेजारी बसून तेच करत होते.

“कौन शरत भाई?” तिने जमेल तितक्या साध्या आवाजात विचारलं.

“गुदैबिया में रहता था. आप पहचानती हैं?”

“हमारी बिल्डिंग में थे. यहां बहुत आते थे?”

“रोज.”

स्मिताने पुढचा त्रिकोण उचलला. आता विचारायचं राहिलं होतं ते एकच. “ये उनको बहुत पसंद था?”

“पसंद?” उमैमाने मान हलवली. “एक टुकडा नहीं खाता था. सारा दिन ओवन के सामने खडा रहे, तो कौन खाएगा? मेरे पास काम करता था, मॅडम. कंपनी में काम खलास हो गया था, खाली व्हिसा बाकी था. सुबह टाय लगाके आता था, यहां उतारता था, शाम को फिर लगाके घर जाता था.”

स्मिताने हातातला त्रिकोण न भरताच खाली ठेवला.

“फिर छुट्टी पे गया और फोन बंद,” उमैमा ट्रेला लोणी लावत म्हणाली. “मैं समझी, इंशाल्ला, ऑफिस की नौकरी मिल गई. बोलता था, जिस दिन मिलेगी उसी दिन बीवी को सब बता दूंगा. वो घर में उससे बात नहीं करती थी.” तिने मान वर करून पाहिलं. “अब करती है ना, मॅडम?”