काचेचं माप

बाबा गेल्यावर फोटो फ्रेमचं दुकान मी आणि काका चालवतो. फोटोच्या रुंदीत दोन्हीकडच्या पुठ्ठ्याच्या पट्ट्यांची रुंदी मिळवून काचेचं माप काढायचं, हे काम बाबा कॉम्प्युटरवर करायचे. दर वेळी मेन्यूत कॅल्क्युलेटर शोधायचा मला कंटाळा, म्हणून मी डेस्कटॉपवर त्याचा शॉर्टकट करून ठेवला.

मेन्यूतून उघडला तर बेरीज बरोबर येते. शॉर्टकटवरून उघडला तर किंचित कमी.

मी काकांना दाखवलं.

"बरोबरच आहे की," ते म्हणाले. "काच चौकटीत सैल बसायला हवी, म्हणून तुझा बाप केसभर कमीच धरायचा. बोलला नाही कधी?"

"मला नाही बोलले."

"मग आता बोलतोय," काका हसले.

मला भीतीपेक्षा नवल जास्त वाटत होतं. आलेल्या सगळ्या फोटोंची मापं मी शॉर्टकटवरूनच काढली. प्रत्येक काच नेमकी बसली.

उरला बाबांचा फोटो. त्यांना चौकटीत काचेआड कायमचं बंद करायला माझा हात धजत नव्हता. धूळ बसू नये म्हणून त्यावर एक सुटी काच नुसती टेकवली होती.

मी रुंदी घातली, पट्ट्या मिळवल्या. उत्तर आलं शून्य. पुन्हा केलं. पुन्हा शून्य.

"काच नको म्हणतोय," काका हळू आवाजात म्हणाले.

मी फोटोवरची काच उचलली. तिच्या आतल्या बाजूला, बाबांच्या ओठांसमोर तेवढी, वाफ धरली होती.