बिननांगीचे

अक्काताईनं ओंडक्याची साल उचकटली आणि झटकन हात मागं घेतला. खाली विंचू होते. बाजरीच्या दाण्याएवढे, पुढं दोन चिमटे परजलेले.

गुंजी स्टेशनामागच्या रानात आडवा झालेला तो जांभळाचा ओंडका तिची रोजची बसायची जागा होती. नवरा जोतिराम स्टेशनात रूळ बदलणारा सांधेवाला. लढाईसाठी तोडलेलं लाकूड घेऊन मालगाडी लोंढ्याकडं गेली, की धूर झाडांत रेंगाळायचा आणि आपणही तसंच विरत चाललोय असं तिला वाटायचं. सातवा महिना होता. या बाळंतपणातून आपण वाचत नाही, हे तिनं धरूनच ठेवलं होतं. जोतिरामला सांगूनही टाकलं होतं, "माझ्यामागं दुसरी करा. पर पोराला तसलं नाव पडू देऊ नगा."

तसलं नाव तिचंच होतं. तिला जन्म देताना आई गेली. सोनाबाई आत्यानं वडगावात, मागाच्या खटखटीत तिला वाढवलं. खायला-प्यायला काही कमी केलं नाही, पण हाक एकच मारली: विंचवाचं पिल्लू. विंचवाची पिल्लं आईला खाऊनच जगात येतात, हे वडगावात शेंबड्या पोरालाही ठाऊक. आता तीच आत्या तिला माहेरी न्यायला आली होती आणि शोधत शोधत रानात पोचली होती.

ही पिल्लंच असणार असं धरून अक्काताई सालीखाली मेलेली आई शोधू लागली. सापडेना. मग ओल्या भेगेत पांढऱ्या रेशमाची इवलीशी खोली दिसली. आत त्या विंचवांएवढीच आई होती. पोटाला कणाएवढी पिल्लं बिलगलेली. अक्काताईनं हलकेच फुंकर घातली, तशी ती सगळ्यांना घेऊन सरकली. अक्काताईच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसावंसं तिला वाटत नव्हतं.

"आत्या, हिकडं ये. ही बघ आई. पिल्लं झाली तरी जित्ती हाय."

सोनाबाई वाकली. डोळे बारीक करून तिनं आई बघितली, पिल्लं बघितली. आपलं खोटं ठरू देणारी बाई नव्हती ती.

"ह्ये विंचू न्हवंतच," ती ठसक्यात म्हणाली. "नांगी न्हाय, इख न्हाय, आन् गरिबाला उगंच विंचू म्हनायचं व्हय?"

अक्काताईनं साल अलगद जागेवर टेकवली.

"इतकी वर्सं मला म्हनलीस की, आत्या."