नववा परिच्छेद

लंडनहून आलेलं पत्र टिस्डेल साहेबांनी दोनदा वाचलं आणि घडी घालून कोटाच्या आतल्या खिशात ठेवलं. विमानाला अजून तीन तास होते. असुन्सिओन या परक्या राजधानीतल्या त्या मोठ्या घरातलं सगळं सामान खोक्यांत गेलं होतं. दिवाणखान्यात उरला होता तो पियानो. त्याला वाळवी लागली होती, म्हणून तो इथेच राहणार होता.

चौतीस वर्षं साहेब इंग्लंडच्या वकिलातींमध्ये राबले; आता इथले राजदूत म्हणून ते निवृत्त होत होते. सहा देश झाले आणि एकाही देशात त्यांच्या तोंडून वावगा शब्द गेला नाही. ताकही फुंकून प्यावं अशीच ती नोकरी. पण त्या नोकरीत एक जुना रिवाज होता. निवृत्त होणाऱ्या राजदूताने लंडनला निरोपाचं एक पत्र लिहायचं आणि त्या एका पत्रात मनात येईल ते लिहायचं. मंत्र्यापासून कारकुनापर्यंत सगळे ते चवीने वाचत. पत्र जितकं खुसखुशीत, तितक्या जास्त हातांत ते फिरे.

सेफेरिना ही घरची स्वयंपाकीण. तिच्या मुलाला, वेनान्सिओला, तीन वर्षांपूर्वी देशाचा कारभार हाकणाऱ्या जनरलच्या माणसांनी छापखान्याच्या दारातून गाडीत घालून नेलं, तो आजतागायत परतला नव्हता. ती रडत आली तेव्हा साहेबांनी लंडनला विचारलं होतं. स्वयंपाकिणीच्या मुलापायी दोन देशांतले संबंध बिघडवू नयेत, असं लंडनने कळवलं. साहेब गप्प बसले. तिला मात्र म्हणाले, की शेवटच्या पत्रात लिहीन, ते कुणी अडवत नाही.

तिने तो शब्द गाठीला बांधला. तीन आठवड्यांपूर्वी साहेब ते पत्र लिहायला बसले, तेव्हा ती पिठाच्या हातांनी दारात येऊन उभी राहिली.

"साहेब, त्याच्या डाव्या करंगळीचं वरचं पेर नाही. छापखान्यातल्या यंत्रात गेलं. तेवढं लिहा. कुणाला दिसला तर ओळखू येईल."

साहेबांनी लिहिलं. नववा परिच्छेद सगळा वेनान्सिओचा. नाव, तारीख, करंगळी, सगळं त्यात होतं. पण नुसतं तेवढंच लिहिलं तर कुणी पहिलं पानसुद्धा उलटणार नाही, हे चौतीस वर्षांत ते शिकले होते. म्हणून कडू औषध गुळातून द्यावं तसं त्यांनी आधीचे आठ परिच्छेद रंगवले. जनरलच्या छातीवर न मावणारी पदकं आली, मेजवान्यांतली लांबलचक भाषणं आली, आणि पियानोची वाळवी आली. 'या देशात परवानगीवाचून काम करणारी एकच संस्था मला आढळली, ती माझ्या पियानोत राहते.' हे लिहिताना ते स्वतःशीच हसले होते. त्याची आता त्यांना लाज वाटत होती.

खिशातल्या पत्रात लिहिलं होतं, की इतकं बहारदार निरोपपत्र कित्येक वर्षांत आलं नव्हतं. त्याच्या प्रती काढून साऱ्या वकिलातींना धाडल्या आहेत. वाळवीचं वाक्य खुद्द मंत्र्यांनी जेवणाच्या टेबलावर म्हणून दाखवलं, आणि माणसं पोट धरधरून हसली. नवव्या परिच्छेदाबद्दल एक अक्षर नव्हतं. गूळ तेवढा चाटून झाला होता.

सेफेरिना आत आली. साहेबांना वाटेत खायला म्हणून तिने चिपा, म्हणजे चीज घातलेल्या छोट्या भाकऱ्या, भाजल्या होत्या आणि त्या फडक्यात बांधून आणल्या होत्या. फडकं अजून गरम होतं.

"लंडनचं टपाल आलं म्हणे," ती म्हणाली. "तुमची माणसं वाचायला फार वेळ लावतात, साहेब. आमच्या पाद्रीबाबांना एका डोळ्याने दिसत नाही, तेसुद्धा लवकर वाचतात."

"वाचलं त्यांनी."

"सगळ्यांनी?"

"सगळ्यांनी. मंत्र्यांनीसुद्धा."

तिने एप्रनला हात पुसले. ते कोरडेच होते. साहेबांसमोर ती आजवर कधी बसली नव्हती, ती पियानोच्या स्टुलावर बसली. करंगळीचंही वाचलं का, असं तिने विचारलं. साहेबांनी होकारार्थी मान हलवली. गोड खोटं बोलण्यात त्यांचा जन्म गेला होता, आणि नेमकं आत्ता त्यांना एकही खोटं सुचेना.

"मग काय म्हणाले ते?"

बाहेर ड्रायव्हरने गाडी सुरू केली. साहेबांनी चिपांची पुरचुंडी दोन्ही हातांनी धरली.

"त्यांना आवडलं," ते म्हणाले.

सेफेरिना स्टुलावरून उठली. तिच्या पायाशी पियानोतून गळलेला लाकडाचा भुगा पडला होता.

"काय आवडलं, साहेब?"