जमनीची भेट

कापसाच्या भावासाठी नेरजवळच्या बंजारा तांड्यावरच्या बायका मुंबईला मोर्चात गेल्या. दोन दिवस उन्हात बसूनही मंत्री काही भेटला नाही. परतायच्या आधी म्हातारी जमनी लेकीला, संगीताला, म्हणाली, "मले समुद्र दाखव."

किनाऱ्यावर पोचताच ती घोटाभर पाण्यात शिरली. वाकून पाण्याला हात लावला आणि तो कपाळी टेकवला.

संगीता आधीच चिडलेली होती. "याडी, मंत्र्यानं नाही ऐकलं, आता याले काय मागून राह्यली?"

"मागत नाही वं. आपल्या वाडवडलांनी पिढ्यानपिढ्या याचंच मीठ बैलांवर लादून गावोगाव विकलं, लेकरं जगवली. मग रेल्वे आली, आपलं इथं येनंच सुटलं. याच्या पाया पडाचं राहून गेलतं."